अकरा वेळा ‘आला नाही’

३ जानेवारी

दादास,

शाळेत शिकवलेला मायना लिहायला गेले आणि ‘तीर्थरूप’वरच पेन अडलं. सहा वर्षं गप्प बसलेल्या बहिणीने एकदम तीर्थरूप म्हटलं, तर तू पाकीट न फोडताच परत पाठवशील. म्हणून नुसतं ‘दादास’. पत्ता वहिनीकडून घेतला. तिच्यावर चिडू नकोस, मी फोनवर फार गळ घातली.

कामाचं आधी सांगते. बाबांच्या ‘ऐकणाऱ्याच्या आत’ची चौथी आवृत्ती निघते आहे. मलपृष्ठावर प्रकाशकांनी छापलंय, ‘संगीतशास्त्राच्या एका व्रतस्थ अध्यापकाने घेतलेला मनाचा शोध : सूर कानावर पडतो तेव्हा आत काय घडतं?’ व्रतस्थ हा शब्द वाचून बाबा म्हणाले, “म्हणजे काय, मी उपाशी होतो की काय?” तर तब्येत अशी आहे. जीभ शाबूत आहे, डोळे गेलेत. छापलेलं अजिबात दिसत नाही. वही नाकाशी धरून मोठं भिंग लावलं तर चार शब्द लागतात. त्यामुळे छपाईआधी तपासायची मुद्रितं मी वाचून दाखवते. चारला माझा शेवटचा वर्ग सुटतो, साडेचारला मी घरी, पाच ते सहा वाचन. ते डोळे मिटून ऐकतात आणि स्वल्पविराम चुकला तरी बोट वर करतात. एक्याऐंशी वर्षांच्या माणसाला स्वल्पविराम कसा ऐकू येतो, हे त्यांच्याच पुस्तकात कुठेतरी असेल.

मार्चअखेर प्रकाशन आहे, आमच्या संगीतशाळेच्या सभागृहात. तू यावंस असं बाबांना वाटतं, असं लिहिणार होते. पण ते तसं काही बोललेले नाहीत. मला वाटतं. आई गेली तेव्हा तू आलास, तासभर दारातच उभा राहिलास आणि पाणीही न पिता गेलास. त्यानंतर आपण बोललो नाही, आणि त्याआधीही काय मोठं बोलत होतो.

काल पाचवं प्रकरण वाचायला घेतलं आणि घसा धरला. सर्दी झाली आहे. पाणी प्यायले आणि सहाव्यावर गेले. बाकी सगळं ठीक.

तुझी धाकटी

१९ जानेवारी

दादास,

तुझं उत्तर नाही. येईल असं वाटलंही नव्हतं, तरी रोज जिन्यातली पत्रपेटी उघडून बघते.

आमच्या शाळेची लिफ्ट दोन आठवडे रुसली होती. दुसऱ्या आणि तिसऱ्या मजल्याच्या मधोमध थांबायची, आणि आत अडकलेली मुलं तिथेच सूर लावून बसायची. मंगळवारी दुरुस्त करणारा माणूस आला. त्याने मोटारीच्या पत्र्यावर स्क्रूड्रायव्हरचं टोक टेकवलं, मूठ कानाला लावली आणि डोळे मिटले. मी तिथेच थबकले. विचारलं, हे कुठे शिकलात? म्हणाला, “आमचे उस्ताद असंच करतात. ते नुसतं ऐकून सांगतात, कुठलं बेअरिंग गेलंय आणि अजून किती दिवस टिकेल. मोटारीचा आवाज केसभर उतरला तरी त्यांना कळतं.” उस्तादांचं नाव विचारलं. त्याने तुझं नाव घेतलं.

मी त्याला बहीण आहे असं सांगितलं नाही. का, ते मला माहीत आहे.

तुला आठवतं का ठाऊक नाही, पण बाबा म्हणायचे, नी आणि वरचा सा यांच्यातलं अंतर सगळ्यात कमी, म्हणून ओढ सगळ्यात जास्त. सा रे ग म प ध नी, आणि थांबायचं. न वाजलेला सा ऐकणाऱ्याच्या मनात वाजायला लागतो. कुणी दाराशी येऊन उभं राहावं आणि बेल वाजवू नये, तशी अस्वस्थता. अख्खं पुस्तक त्या एका न वाजलेल्या सुरावर उभं आहे. पाचवं प्रकरण तर आहेच, ‘अपेक्षेचा अस्त’. ओढ पुन्हा पुन्हा अपुरी ठेवली की मन वाट पाहणं सोडून देतं, असा बाबांचा निष्कर्ष. पुरावा म्हणून तेवीस दिवसांच्या नोंदी. ‘एक मुलगा, वय अकरा.’

ते प्रकरण मी वगळतेय हे त्यांच्या लक्षात आलं आहे. परवा म्हणाले, “पाचवं राहिलं.” मी म्हटलं, त्याची पानं प्रकाशकांकडेच राहिलीत. ते म्हणाले, “मला पाठ आहे. पान एकशे बारा मीच म्हणतो,” आणि म्हणायला लागले. मी स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडला. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हेच.

पुढच्या पत्रात नीट लिहीन.

तुझी धाकटी

२ फेब्रुवारी

दादास,

नीट लिहिते. तुला सगळं माहीत आहे. तरी लिहिते, कारण हे मी आजवर कुणालाही, अगदी स्वतःलाही, सलग सांगितलेलं नाही.

मी नऊ वर्षांची होते. आई संध्याकाळच्या पाळीला इस्पितळात. तू आतल्या खोलीत गृहपाठाला. बाबा पियानोवर सा ते नी वाजवायचे, उठायचे, आणि कोपऱ्यावरच्या पेपरवाल्यापर्यंत चक्कर मारायला जिना उतरायचे. “बापाने समोर असू नये,” ते म्हणायचे. “पोरगं बापाचं तोंड बघून वागतं, मग मोजणार काय?” तुला प्रयोगातलं काही सांगायचं नाही, हा दुसरा नियम. आणि मी पडद्यामागे, हातात स्टॉपवॉच आणि मांडीवर वही. तू किती सेकंदांनी उठून येतोस आणि सा दाबतोस, ते लिहायचं. मोजायला बाप चालत नाही पण बहीण चालते, असं त्यांना का वाटलं, हे मला अजून समजलेलं नाही. बहुधा मी त्यांना घड्याळाचाच भाग वाटत असेन.

तू रोज यायचास. पहिल्या दिवशी नऊ सेकंद. मग आठ, मग पुन्हा नऊ, मग सात. हातात पेन्सिल तशीच, तोंड वैतागलेलं. एका बोटाने सा दाबायचास आणि परत जायचास. पडद्याखालून माझ्या पायांची बोटं दिसायची. एकदा तू त्यांच्यावर हळूच पाय दिलास आणि म्हणालास, “शेपूट, तुझी शेपटी बाहेर राहिलीय.” म्हणजे मी तिथे असते आणि मी तुला बघते, हे तुला ठाऊक होतं.

बाराव्या दिवशी सहा सेकंद लागले. बाबांनी वही बघितली आणि त्यांचा चेहरा असा काही उजळला, की मला तो अजून दिसतो. “सहा. याचा कान बघितलास?” मी म्हटलं, बाबा, माझंही मोजा ना. ते हसले. “तुझं काय मोजायचं? तू घड्याळ धर.”

तेराव्या दिवशी तू पाच सेकंदांत आलास. मी लिहिलं, ‘आला नाही.’

बाबा परत आले, वही बघितली. “नक्की?” मी म्हटलं, नक्की. मग ते खाली जमिनीवर माझ्याशेजारी बसले. अर्धा तास. त्याने मान वर केली होती का, पेन्सिल थांबली होती का, खुर्ची सरकल्याचा आवाज आला का. मी एकेक गोष्ट रचून सांगत गेले आणि ते डोळे बारीक करून ऐकत राहिले. दादा, माझ्या उभ्या आयुष्यात ते त्याआधी एवढा वेळ माझ्याशी बोलले नव्हते. त्या अर्ध्या तासासाठी मी पुढचे दहा दिवसही तेच लिहिलं. अकरा वेळा ‘आला नाही’. अक्षर सुंदर आहे. शुद्धलेखनाची चूक एकही नाही.

मग त्यांनी तुला बोलावून वही दाखवली. तू म्हणालास, “मी रोज आलोय. शेपटीला विचारा.” मला बोलावलं. तू माझ्याकडे बघून हसलास, कारण आता सगळं उलगडणारच होतं. मी म्हटलं, “जे झालं तेच लिहिलंय.”

तुझं हसू जायला वेळ लागला. तो किती, ते मी मोजलं नाही, पण मला तो माहीत आहे.

बाबा तुला म्हणाले, “वही खोटं बोलत नाही. ओढ गेली तर गेली, त्यात लाज नाही. पण खोटं बोलणाऱ्याला सूर लागत नाही.” तुझी पियानोची शिकवणी बंद झाली. महिन्याभराने तुझी चारची वेळ मला मिळाली. आज मी ज्या विषयावर पोट भरते आणि ज्याच्यासाठी लोक मला ‘बाई’ म्हणून मान देतात, त्यातली जागा तुझी होती. मी ती घेतली, आणि चांगली वाजवायला शिकले, हे त्यातलं सगळ्यात वाईट.

आणि पान एकशे बारा. ते तू वाचलंस तेव्हा चौदा वर्षांचा होतास. ‘मुलगा पुढेही आपण रोज आलो होतो असे सांगत राहिला. मावळलेल्या अपेक्षेची रिकामी जागा मन खोट्या आठवणीने भरून काढते, याचे हे उत्तम उदाहरण होय.’ हे वाक्य परीक्षांना विचारतात. मी स्वतः फळ्यावर लिहून दिलंय. वर्गात एका मुलीने विचारलं होतं, “पण बाई, तो खरंच आला असेल तर?” मी तिला म्हटलं, पुढे चला.

तुझी आठवण खोटी नव्हती. तू रोज आला होतास.

तुझी धाकटी

११ फेब्रुवारी

दादास,

तुझं कार्ड मिळालं. तीन शब्द. ‘बाबांना सांगितलंस का?’

नाही सांगितलं. तुला सगळं लिहून टाकलं आणि दोन दिवस हलकं वाटलं, आणि मी मनात म्हणत होते की झालं, एवढं पुरे. तुला जे आधीच ठाऊक आहे ते तुलाच कळवण्यात कसला आलाय पराक्रम. तुझ्या कार्डाने माझी ती हवा काढली, बरं केलंस.

आधी पळवाटा सांगते, म्हणजे त्या संपतील. त्यांचं वय एक्याऐंशी. दोनदा तोल जाऊन पडलेत. पुस्तक हेच त्यांचं आयुष्य, आणि त्याचा कणा म्हणजे पाचवं प्रकरण. ते काढलं तर सहावं आणि सातवं लुळं पडतं. संगीतशाळेच्या सभागृहाला त्यांचं नाव आहे, आणि मी त्याच शाळेत शिकवते. मुख्याध्यापिका काय म्हणतील, मुलांचे आईवडील काय म्हणतील. त्यांच्या शेवटच्या दिवसांत कशाला, असं कुणीही शहाणा माणूस म्हणेल. मी स्वतःला पस्तीस वर्षं हेच वेगवेगळ्या शब्दांत सांगत आले. आधी ते फार कामात होते म्हणून, मग पुस्तक नुकतंच आलं म्हणून, मग आई आजारी म्हणून. योग्य वेळ यायची तर पस्तीस वर्षांत एकदा तरी आली असती.

आज सकाळी प्रकाशकांकडे गेले. ते फार सज्जन आहेत, टेबलाखाली त्यांच्या चपला कायम काढलेल्या असतात. म्हटलं, छपाई थांबवा, पाचवं प्रकरण खोट्या नोंदींवर आहे, नोंदी मी केल्या होत्या. त्यांनी चष्मा काढला, पुसला, घातला. “बाई, बत्तीस वर्षं पुस्तक चालतंय. वाचणाऱ्याला काय फरक पडतो?”

मी म्हटलं, “एकाला पडतो.”

“आणि सरांना?”

“त्यांना मी रविवारी सांगणार आहे. दहा वाजता.”

वेळ मुद्दाम सांगून टाकली. आता प्रकाशकांना ठाऊक आहे, तुलाही ठाऊक आहे. दहापर्यंत बाबांची आंघोळ, दाढी, नाश्ता सगळं झालेलं असतं आणि डोकं लख्ख असतं. त्यांना झोपेत किंवा गोळीच्या गुंगीत सांगायचं नाही. पूर्ण जागं असताना सांगायचं.

तुझी धाकटी

१६ फेब्रुवारी

दादास,

सांगितलं.

जसं झालं तसं लिहिते. या बाबतीत माझ्यावर विश्वास ठेवायचं तुला काही कारण नाही, तरी लिहिते.

ते खिडकीशी खुर्चीत होते. मी मूळ वही कपाटातून काढून त्यांच्या मांडीवर ठेवली आणि म्हटलं, “बाबा, तेराव्या दिवसापासून पुढच्या नोंदी खोट्या आहेत. मी खोट्या लिहिल्या. दादा रोज येत होता.”

त्यांनी भिंग मागितलं. वहीवर वाकले. पानावरून बोट फिरवत त्यांनी अकराही ओळी बघितल्या. मला वाटलं ओरडतील, किंवा छातीला हात लावतील. फोन मी हाताशीच ठेवला होता. त्यांनी विचारलं, “मग खरे आकडे काय होते?”

मी म्हटलं, पाच, पाच, चार, पुढचे नीट आठवत नाहीत, पण शेवटच्या दिवशी तीन.

“तीन? आतल्या खोलीतून तीन सेकंदांत?”

“तो शेवटी शेवटी गृहपाठ दाराच्या उंबऱ्यात बसून करायचा.”

ते ताठ बसले. आंधळ्या डोळ्यांनी थेट माझ्याकडे बघत म्हणाले, “म्हणजे ओढ मावळत नव्हती. वाढत होती. तो आधीच येऊन बसत होता. अगं, म्हणजे सगळं उलटं आहे. अपुरं ठेवलं की मन सोडून देत नाही, जवळ सरकतं. कागद घे. लिही.”

मी कागद घेतला नाही. दादा, मी त्यांच्यावर आयुष्यात आवाज चढवला नव्हता, काल चढवला. म्हटलं, “तुम्हाला आधी सिद्धांत आठवला? तो अकरा वर्षांचा होता. तुम्ही त्याला खोटारडा म्हणालात आणि त्याचा पियानो बंद केलात. आणि वर छापलंत. आता परत त्याच्यावर प्रकरण लिहायचंय? परत ‘एक मुलगा’?”

ते म्हणाले, “खोटं तू लिहिलंस.”

“हो. मी लिहिलं. पण तो तुमच्यासमोर उभा राहून सांगत होता, आणि तुम्ही वहीवर विश्वास ठेवलात.”

बाराच्या सुमारास स्वयंपाकाची बाई जेवण वाढायला आली आणि आमची तोंडं बघून भांडी तशीच झाकून गेली. जेवण कुणीच केलं नाही. दुपारभर ते पलंगावर भिंतीकडे तोंड करून पडून होते. झोप लागलेली नव्हती, मला त्यांचा श्वास कळतो.

आज पाच वाजता नेहमीप्रमाणे खुर्चीत येऊन बसले. म्हणाले, “एकशे बारा वाच.” मी म्हटलं, तुम्हाला पाठ आहे. “मला तुझ्या आवाजात ऐकायचंय.” वाचलं. ‘खोट्या आठवणीने भरून काढते’पर्यंत आले आणि त्यांनी बोट वर केलं. स्वल्पविराम चुकला नव्हता. बोट तसंच वर राहिलं. मी ते खाली घेतलं, हातात धरलं.

थोड्या वेळाने म्हणाले, “मी मनावर पुस्तक लिहिलं, आणि घरातलं मूल खरं बोलतंय एवढं मला कळलं नाही.” मग म्हणाले, “तुझंही मोजायला हवं होतं. तू म्हणाली होतीस.” हे त्यांच्या लक्षात होतं, दादा. मला रडू आलं आणि मी ते थांबवलं, कारण आजचा दिवस माझ्या रडण्याचा नव्हता.

पाचवं प्रकरण जाणार. नवं लिहायचं नाही, हेही ठरलं. ते त्यांनी मान्य केलं, जरा कुरकुर करून.

तुझी धाकटी

२७ फेब्रुवारी

दादास,

सोबत दोन गोष्टी आहेत.

एक, बाबांचं पाकीट. स्वतःच्या हाताने लिहिलंय. ओळीवर ओळ चढू नये म्हणून कागदावर पट्टी ठेवून लिहायचे आणि प्रत्येक ओळीनंतर पट्टी खाली सरकवून द्यायला मला हाक मारायचे. चार दिवस लागले. मी दरवेळी खिडकीबाहेर बघत पट्टी सरकवली. वाचलेलं नाही. वाचता येईल की नाही हेही माहीत नाही, भिंग लागेल.

दोन, मुद्रितं. पाचव्या प्रकरणाची अठरा पानं गेली. सहाव्या-सातव्यातले त्याचे सगळे उल्लेख गेले, आणि पुस्तक आता ठिकठिकाणी लंगडतं. प्रकाशकांनी दोनदा विचारलं की निदान सांधे जुळवून घ्या, दोन-चार वाक्यं घालून झाकता येईल. मी म्हटलं, लंगडू दे. लोकांना दिसू दे की इथे काहीतरी होतं.

त्या जागी माझं दीड पानाचं निवेदन आहे. नोंदी कुणी केल्या, कशा खोट्या केल्या, का केल्या. खाली माझं नाव, आणि शाळेतलं पदही. मुख्याध्यापिकांना आधीच नेऊन दाखवलं. त्या म्हणाल्या, “एवढं उघडं लिहायची गरज आहे का? पालक विचारतील, खोट्या नोंदी करणारी बाई आमच्या मुलांचे गुण कसे देते.” मी म्हटलं, विचारू देत, प्रश्न बरोबर आहे. व्यवस्थापकांची बैठक पंधरवड्याने आहे. तिथे काय ठरेल ते ठरो. ठेवलं तर शिकवीन, काढलं तर घरी शिकवण्या घेईन. मला भीती वाटत नाही असं नाही. परवा वर्गात साधी सरगम वाजवताना हात ओले झाले होते. पण निवेदन मागे घेणार नाही.

त्या मुलीला शोधून काढलं, जिने ‘तो खरंच आला असेल तर’ विचारलं होतं. आता कॉलेजात आहे. तिला म्हटलं, तू बरोबर होतीस, तो आला होता. ती म्हणाली, “बाई, मला प्रश्न आठवतसुद्धा नाही.” असो. मला आठवतो.

तुझ्याकडे मागणं एकच. निवेदन तपास. त्या खोलीत तीन माणसं होती. एकाने जिना उतरून पाठ फिरवली होती, एकीने खोटं लिहिलं. खरं काय झालं हे सांगणारा तूच आहेस. जे चुकलं असेल ते पेन्सिलने कर. काहीच न करता ठेवून दिलंस तरी पुस्तक वीस मार्चला छापायला जाईल. तू उत्तर दिलंस तरच मी खरं बोलेन, अशी अट मी घातलेली नाही.

तुझी धाकटी

१४ मार्च

दादास,

मुद्रितं पोचली. पाकीट फोडायला मी कात्री शोधत बसले, तेवढाच वेळ काढला.

पत्र नव्हतं. चिठ्ठीही नव्हती. बाबांच्या पत्राबद्दल एक अक्षर नाही. दीड पानावर तुझ्या पेन्सिलच्या दोन खुणा, रेघा अशा सरळ की पट्टीने ओढल्यासारख्या.

पहिली खूण वरून तिसऱ्या ओळीत. मी ‘एक मुलगा, वय अकरा’ असं जुनंच ठेवलं होतं. तुला विचारल्याशिवाय नाव कसं घालायचं, असं वाटलं होतं. तू ते खोडून बाजूला तुझं पूर्ण नाव लिहिलंस. बाबांच्या नावासकट. ते मी बराच वेळ बघत बसले.

दुसरी खूण खालच्या परिच्छेदात. माझं वाक्य होतं, ‘या नोंदी मी बालिश मत्सरापोटी खोट्या केल्या.’ तू ‘बालिश’वर काट मारलीस. फक्त त्या एका शब्दावर.

आधी मला राग आला, खरं सांगते. नऊ वर्षांची होते मी, एवढीही सूट नाही का, असं मनात आलं. मग लक्षात आलं की मत्सर नवव्या वर्षी होता, पण नंतरची पस्तीस वर्षं मी काही नऊची नव्हते. तिशीत मी ते वाक्य फळ्यावर लिहिलं. चाळिशीत त्या मुलीला ‘पुढे चला’ म्हटलं. त्या एका शब्दामागे मी सगळं लपवून ठेवलं होतं, आणि तुला ते पहिल्या वाचनात दिसलं.

शब्द काढला. आणि तेवढ्यावर वाक्य अर्धवट वाटायला लागलं, म्हणून पुढे जोडलं. आता ते असं आहे : ‘या नोंदी मी मत्सरापोटी खोट्या केल्या, आणि खरे सांगण्याचे धैर्य नव्हते म्हणून पस्तीस वर्षे तशाच राहू दिल्या.’ आज दुपारी प्रकाशकांकडे देऊन आले. सोमवारी शाळेच्या व्यवस्थापकांची बैठक आहे, तिथेही हेच पान घेऊन जाणार.

तू मला माफ केलंस का, हे विचारायला हात शिवशिवतोय. विचारणार नाही. ते मागायचा हक्क मला नाही, आणि तू न मागता देशील तेव्हा देशील, नाहीतर देणार नाहीस.

एवढ्यासाठी पत्र लिहिलं नसतं, मुद्रितांच्या पोचपावतीवर भागलं असतं. पण पाच वाजता मी बाबांना ते पान वाचून दाखवलं. आधी तुझं नाव वाचलं. मग मूळ वाक्य, मग तू काय खोडलंस ते, आणि मग नवं वाक्य. ते डोळे मिटून ऐकत होते. बोट वर केलं नाही. सगळं संपल्यावर त्यांनी विचारलं, “हा ‘बालिश’ त्याने काढला?”

मी म्हटलं, हो.

ते म्हणाले, “त्याचं बरोबर आहे.”

हे तुला त्यांच्या तोंडून, त्याच खोलीत, पस्तीस वर्षांपूर्वी ऐकायला मिळायला हवं होतं. उशिरा का होईना, ते तसंच्या तसं तुला कळवते.

तुझी धाकटी